जॉन गिल्बर्टच्या आवाजाची दंतकथा आता पुरे

प्रति,
मराठीतून जागतिक सिनेमाबद्दल लिहिणारे, बोलणारे, रसग्रहण शिबिरं घेणारे आणि फिल्म क्लब चालवणारे सर्व जण

सप्रेम नमस्कार.

तुमची व्याख्यानं मी आवडीने ऐकते, लेख जपून ठेवते. तक्रार एकाच किश्श्याची आहे. मूकपटांचा काळ संपून बोलपट आले हे सांगायची वेळ आली, की तुमच्यापैकी निम्म्यांच्या तोंडी तो हमखास येतो. हॉलिवूडचा सगळ्यात मोठा प्रेमवीर, ग्रेटा गार्बोचा नायक जॉन गिल्बर्ट पहिल्यांदा पडद्यावर बोलला, घशातून चिरका बायकी आवाज निघाला, थिएटर हसून लोटपोट झालं आणि एका रात्रीत त्याची कारकीर्द संपली. सभागृहात हशा पिकतो आणि तुम्ही पुढच्या स्लाइडकडे वळता.

हा किस्सा तुम्ही आता सांगू नये, अशी जाहीर विनंती करायला हे पत्र लिहिते आहे. तो खोटा आहे, हे एक कारण. दुसरं कारण मला जास्त महत्त्वाचं वाटतं. या किश्श्यामुळे १९२९ मध्ये खरोखर काय मोडलं, हे ऐकणाऱ्याला कधी कळतच नाही. सगळा दोष एका माणसाच्या घशावर टाकला की बाकीचे सुटतात.

आधी हा माणूस कोण होता ते थोडं सांगायला हवं, कारण तुमच्या किश्श्यात तो जणू त्या एका संध्याकाळीच जन्माला येतो. १८९७ मध्ये युटामधल्या लोगन गावी त्याचा जन्म झाला. आई-वडील दोघंही गावोगाव हिंडणाऱ्या नाटक मंडळ्यांतले. म्हणजे बोलक्या रंगभूमीच्या घरातच तो वाढला, हे लक्षात असू द्या. १९१५ च्या सुमाराला थॉमस इन्सच्या स्टुडिओत किरकोळ कामं करत तो सिनेमात शिरला. मग मोरिस टूर्नरच्या हाताखाली पटकथा आणि दिग्दर्शनाची उमेदवारी केली. नंतर फॉक्स कंपनीत नायक झाला आणि १९२४ मध्ये नव्याने स्थापन झालेल्या एमजीएम या हॉलिवूडच्या स्टुडिओत आला. लिहिण्या-दिग्दर्शनाची ही हौस त्याला शेवटपर्यंत होती. पुढे तिचा संबंध येणार आहे.

१९२५ हे त्याचं वर्ष. एरिक फॉन स्ट्रोहाइमचा ‘द मेरी विडो’ (संगीतिकेवर काढलेला मूकपट! त्या काळाला अशक्य असं काही वाटतच नसे) आणि किंग व्हिडोरचा ‘द बिग परेड’ एकाच वर्षात आले. न्यूयॉर्कच्या ॲस्टर थिएटरात ‘द बिग परेड’ ९६ आठवडे चालला. पहिल्या महायुद्धावरचा हा चित्रपट तुम्ही दाखवता तेव्हा बहुधा जंगलातून सैनिक ढोलाच्या ठेक्यावर पुढे सरकतात तो प्रसंग दाखवता, आणि तो आहेच तसा. पण त्याच चित्रपटात गिल्बर्ट एका फ्रेंच शेतकऱ्याच्या मुलीला, म्हणजे रेने आदोरेला, च्युइंग गम कसा चघळायचा ते शिकवतो. एकमेकांची भाषा न येणारी दोन माणसं बाकावर बसली आहेत, ती गम गिळून टाकते, तो हताश होऊन हसतो. चेहऱ्यावर रंगरंगोटी नाही, नखांत माती. ‘प्रेमवीर’ हा शिक्का मारून आपण ज्याला बाजूला सारलं, तो किती सहज, किती हलकं काम करायचा ते या दोन-तीन मिनिटांत दिसतं.

१९२६ च्या ऑगस्टमध्ये तेव्हाचा सर्वांत लाडका प्रेमवीर नट व्हॅलेंटिनो गेला आणि त्याची गादी आपसूक गिल्बर्टकडे आली. त्याच सुमाराला ‘फ्लेश अँड द डेव्हिल’. बागेतल्या अंधारात गार्बोजवळ तो सिगारेट पेटवायला काडी ओढतो आणि दोघांचे चेहरे उजळतात. छायालेखक विल्यम डॅनियल्सने गिल्बर्टच्या तळहातात इवलासा दिवा लपवला होता. दोघं पडद्याबाहेरही प्रेमात होते हे सगळ्या अमेरिकेला ठाऊक होतं, आणि एमजीएमने ते लपवायचा जराही प्रयत्न केला नाही.

आता पैशाची बाजू. तुमच्या किश्श्यात ती कधीच नसते. १९२८ च्या अखेरीस गिल्बर्टने नवा करार केला : सहा चित्रपट, प्रत्येकी अडीच लाख डॉलर. म्हणजे एकूण १५ लाख. हा करार एमजीएमचा प्रमुख लुई बी. मेयर याने केलेला नव्हता. एमजीएमची मालक कंपनी होती लोज, तिचा न्यूयॉर्कमधला अध्यक्ष निकोलस शेंक, आणि बोलणी त्याने केली. त्याच काळात फॉक्स कंपनीचा मालक विल्यम फॉक्स लोजच विकत घ्यायला निघाला होता. विक्रीला काढलेल्या कंपनीकडे देशातला सर्वांत मोठा नायक करारबद्ध असला तर भाव वाढतो, हा व्यवहार कुणालाही समजेल. मेयर आणि गिल्बर्ट यांचं मुळातच जमत नव्हतं. आता मेयरच्या स्टुडिओत असा एक नट होता, ज्याला त्याने निवडलं नव्हतं, ज्याचा पगार त्याने ठरवला नव्हता आणि ज्याला तो काढूही शकत नव्हता.

मग आलं १९२९. तुमचा किस्सा म्हणतो की ऑक्टोबरमध्ये ‘हिज ग्लोरियस नाइट’ लागला आणि लोकांनी हा आवाज पहिल्यांदा ऐकला. साफ चूक. लोकांनी तो त्याच वर्षी जूनमध्ये ऐकला होता. ‘द हॉलिवूड रेव्ह्यू ऑफ १९२९’ या एमजीएमच्या गाण्या-नाचांच्या खिचडीत गिल्बर्ट आणि नॉर्मा शिअरर यांनी ‘रोमिओ अँड ज्युलिएट’मधला सज्जाचा प्रवेश केला आहे, तोही टेक्निकलर रंगांत. आधी शेक्सपिअरच्या भाषेत, मग गंमत म्हणून तोच प्रवेश त्या वेळच्या रस्त्यावरच्या अमेरिकन बोलीत. चित्रपट उत्तम चालला, ऑस्करच्या सर्वोत्कृष्ट चित्रपटाच्या नामांकनातही होता. कुणी सभागृह सोडून पळालं नाही. आवाजच जर इतका हास्यास्पद होता, तर जूनमध्ये तो लपला कुठे?

हा तुकडा आज सहज बघता येतो. बघा. आवाज मध्यम पट्टीतला आहे, भारदस्त नाही, पण पातळ किंवा किनरा मुळीच नाही. शेक्सपिअर बोलताना जरा जास्त घोटून, शब्द न् शब्द सुटा करून बोलतो. तेव्हा सगळेच तसे बोलत होते, कारण स्टुडिओंनी घाबरून वक्तृत्वाचे शिक्षक नेमले होते. बोलीतली मस्करी सुरू झाली की तोच माणूस मोकळा होतो.

आता ‘हिज ग्लोरियस नाइट’कडे येऊ, कारण हशा झाला हे खरं आहे आणि ते मला झाकायचं नाही. फेरेंट्स मोल्नार या हंगेरियन नाटककाराच्या नाटकावरून घेतलेला हा चित्रपट. दिग्दर्शक लायनेल बॅरीमोर, नायिका कॅथरीन डेल ओवेन. ‘न्यूयॉर्क टाइम्स’च्या परीक्षणकर्त्याने तेव्हा लिहिलं की गिल्बर्टचा आवाज सुखद आहे, मात्र त्यात छटा फार नाहीत, आणि संवादांची जबाबदारी काही त्याच्यावर नाही. ‘व्हरायटी’ या चित्रपटधंद्याच्या नियतकालिकाने निर्दयपणे लिहिलं की असे आणखी थोडे चित्रपट आले तर गिल्बर्टने हॅरी लँग्डनशी जागा बदलावी. लँग्डन हा विनोदी नट. पण हसू कशाचं आलं, तेही ‘व्हरायटी’ने त्याच परीक्षणात लिहून ठेवलं आहे : दोनेक डझन वेळा येणाऱ्या ‘आय लव्ह यू’च्या खोट्या सुराचं. हसणाऱ्यांनी सांगितलेलं कारण समोर आहे, आणि आपण शंभर वर्षं दुसरंच सांगत आलो.

माझ्या मते सगळ्या प्रकरणाची किल्ली इथे आहे. मूकपटात गिल्बर्ट नायिकेच्या कानाशी ओठ नेऊन काहीतरी बोलायचा. संवाद लिहिलेली पाटी आली तर आली, बऱ्याचदा यायचीही नाही. काय बोलला ते प्रत्येक प्रेक्षक आपापल्या मनाने भरून घ्यायचा, आणि कुणाचंही मन स्वतःला हास्यास्पद वाटेल असं वाक्य भरत नाही. वाद्यवृंद किंवा निदान एक पियानो त्याला साथ द्यायचा. १९२९ मध्ये ते वाक्य मोठ्याने म्हणायची वेळ आली, आणि ते वाक्य कुणीतरी टेबलावर बसून लिहिलेलं होतं. त्यात पार्श्वसंगीत नाही. कॅमेरा आवाज करतो म्हणून त्याला बंदिस्त पेटीत कोंडलेलं. मायक्रोफोन एका जागी, म्हणून नटही एका जागी. जो माणूस सबंध शरीराने प्रेम करायचा त्याला खांबासारखं उभं करून त्याच्या तोंडी ‘मी तुझ्यावर प्रेम करतो, प्रेम करतो, प्रेम करतो’ घातलं. त्या ओळी तुम्ही कुठल्याही खर्जातल्या आवाजात म्हणून बघा.

शिवाय ‘हिज ग्लोरियस नाइट’ हा त्याने केलेला पहिला बोलपट नव्हताच. आधी टॉलस्टॉयच्या नाटकावरून ‘रिडेम्प्शन’ झाला होता. तो इतका रखडला की स्टुडिओने बाजूला ठेवला आणि १९३० मध्ये लावला. म्हणजे नायकाला बोलपटात कसं आणायचं याचा एमजीएमकडे काही विचार नव्हता. शेजारीच गार्बोचं उदाहरण बघा. तिला बोलायला लावायची स्टुडिओने घाई केली नाही. १९३० पर्यंत थांबले, आणि मग भूमिका अशी निवडली की तिचे स्वीडिश उच्चार हीच त्या पात्राची खूण ठरावी. ‘ॲना ख्रिस्टी’ची जाहिरातच ‘गार्बो बोलते’ अशी होती. तोच स्टुडिओ, तेच वर्ष-दीड वर्ष. एकीसाठी सगळी आखणी, दुसऱ्यासाठी हाताला लागेल ती संहिता.

इथे तुमच्यातले काही जाणकार लगेच दुसरा किस्सा काढतील, म्हणून आधीच सांगते. मेयरने म्हणे मुद्दाम ध्वनियंत्रातला खर्ज काढून टाकून गिल्बर्टचा आवाज बिघडवला. आणि त्याचं मूळ म्हणे १९२६ मधल्या किंग व्हिडोरच्या लग्नात, जिथे गार्बो आलीच नाही, मेयर काहीतरी घाणेरडं बोलला आणि गिल्बर्टने त्याला झोडपलं. ही मारामारीची गोष्ट मुख्यतः व्हिडोरची त्या वेळची बायको एलिनोर बोर्डमन हिच्या अनेक दशकांनंतरच्या आठवणींवर उभी आहे, आणि खर्ज काढल्याचा तर कसलाच पुरावा नाही. चिरक्या आवाजाची दंतकथा काढून तिथे खलनायकाची दंतकथा बसवली, तर आपण काय मिळवलं? अडीच लाखांच्या नायकाच्या चित्रपटाची माती करायला कारस्थान लागत नाही, बेफिकिरी पुरते.

काळही उलटला होता. त्याच ऑक्टोबरच्या अखेरीस वॉल स्ट्रीट कोसळला. दोन वर्षांत पडद्यावर जेम्स कॅग्नी आणि क्लार्क गेबल आले : तिरकस बोलणारे, बाईला कोपऱ्यात घेणारे, गुडघे टेकून प्रेम न करणारे. एमजीएमने ‘रेड डस्ट’ आधी गिल्बर्टसाठी योजला होता, केला गेबलने, १९३२ मध्ये. आणि गिल्बर्ट दारू पीत होता. आधीही प्यायचा, आता जास्त. त्याच्या कारकिर्दीच्या घसरणीत त्याचा स्वतःचा वाटा नव्हता असं म्हणणं हा भाबडेपणा होईल. ‘वे फॉर अ सेलर’सारखे त्या काळातले त्याचे काही बोलपट खरोखरच सुमार आहेत. त्यांच्याबद्दल मी इथे जास्त लिहीत नाही.

पण ‘डाउनस्टेअर्स’बद्दल लिहिल्याशिवाय राहवत नाही. १९३२. कथा गिल्बर्टची स्वतःची. ती त्याने एमजीएमला नावापुरत्या एका डॉलरला दिली, कारण ती भूमिका त्याला हवी होती. ऑस्ट्रियातल्या एका सरदारी वाड्यात कार्ल नावाचा नवा ड्रायव्हर येतो. तो हसरा, देखणा आणि आतून पूर्ण सडलेला आहे. स्वयंपाकीणबाईला प्रेमाची स्वप्नं दाखवून तिची साठवलेली पुंजी उकळतो. सरदाराच्या बायकोचं गुपित हाताशी धरून तिला धमकावतो. नव्या लग्न झालेल्या मोलकरणीला तिच्या नवऱ्यापासून, म्हणजे मुख्य नोकरापासून, फोडतो. व्हर्जिनिया ब्रूस ही मोलकरीण, पॉल लुकास तिचा नवरा, दिग्दर्शन माँटा बेलचं. ज्या मोहक हसण्यावर सगळी अमेरिका भाळली होती, तेच हसू त्याने इथे एका भामट्याच्या तोंडावर चिकटवलं. आपल्याच जुन्या प्रतिमेची इतकी थंड डोक्याने चिरफाड करणारा दुसरा नायक मला त्या काळात दिसत नाही. आणि आवाज? तो कानाला जाणवतही नाही, इतका त्या माणसाचा आहे. लाडीगोडी, धमकी, खोटं रडू, सगळं त्याच आवाजात. ज्याच्या आवाजाने कारकीर्द संपवली म्हणता, त्याचं मला सर्वांत आवडणारं काम बोलपटातलं आहे.

चित्रपट पडला. प्रेक्षकांना त्यांचा प्रेमवीर असा बघायचा नव्हता. १९३३ मध्ये गार्बोने ‘क्वीन क्रिस्टिना’साठी हट्टाने त्याला घ्यायला लावलं. लॉरेन्स ऑलिव्हिए ठरला होता, त्याला बाजूला करून. गिल्बर्ट त्यात उत्तम आहे, पण त्या चित्रपटात तिच्याशिवाय कुणाकडे लक्ष जात नाही. १९३४ मध्ये त्याने चित्रपटधंद्याच्या एका नियतकालिकात जाहिरात दिली : एमजीएम मला काम देत नाही आणि करारातून सोडतही नाही. शेवटचा चित्रपट कोलंबियाचा, ‘द कॅप्टन हेट्स द सी’. दारू सोडायच्या इराद्याने जहाजावर चढलेल्या लेखकाची भूमिका. ९ जानेवारी १९३६ रोजी हृदयविकाराने तो गेला. वय ३८. मुलगी लिट्रिस गिल्बर्ट फाउंटन हिने १९८५ मध्ये त्याचं चरित्र लिहिलं, त्याला आता चाळीस वर्षं झाली. तरी किस्सा तसाच.

तो टिकला का, हेही उघड आहे. ‘हिज ग्लोरियस नाइट’ अनेक दशकं फारसा कुणाला बघायलाच मिळाला नाही, आणि १९५२ मध्ये बोलपटांच्या आगमनावरच्या ‘सिंगिंग इन द रेन’ या चित्रपटाने ‘आय लव्ह यू, आय लव्ह यू’वर हसणाऱ्या प्रेक्षकांचा प्रसंग इतक्या झकास रीतीने रंगवला की लोकांनी तोच इतिहास मानला. गंमत अशी, की त्या चित्रपटात किनरा आवाज नायकाचा नाहीच, नायिकेचा आहे. तिथून तो उचलून गिल्बर्टच्या गळ्यात कुणी अडकवला, देव जाणे.

तुम्ही म्हणाल, हॉलिवूडच्या एका विसरलेल्या नटासाठी मराठीतून एवढं पत्र कशाला? कारण आपल्याकडे हाच किस्सा आपल्या माणसाबद्दल सांगितला जातो. मास्टर विठ्ठल, मूकपटांतले आपले डग्लस फेअरबँक्स (हॉलिवूडचा तो साहसी नायक). जुन्या कंपनीशी केलेला करार मोडून ‘आलम आरा’त गेले, खटला झाला, त्यांची बाजू बॅरिस्टर जिनांनी मांडली, आणि मग म्हणे उच्चार धड नव्हते म्हणून बोलपटात त्यांना बराच वेळ बेशुद्धच ठेवलं. असेल. पण १४ मार्च १९३१ रोजी गिरगावातल्या मॅजेस्टिकमध्ये लागलेला तो चित्रपट आज उपलब्ध नाही. एकही प्रत उरलेली नाही. विठ्ठल यांच्या उच्चारांचं काय होतं ते तपासायचा मार्गच बंद आहे. ते पुढे बोलपटांत बरीच वर्षं काम करत राहिले, हे मात्र किस्सा सांगताना गाळलं जातं. तिथे निदान पुराव्याअभावी तुमची सुटका होते. गिल्बर्टच्या बाबतीत ती सवलत नाही. त्याचे बोलपट शिल्लक आहेत.

तेव्हा मागणी साधी आहे. पुढच्या शिबिरात त्या स्लाइडच्या जागी वीसेक मिनिटं काढा. ‘द बिग परेड’मधला च्युइंग गमचा प्रसंग, ‘हॉलिवूड रेव्ह्यू’मधला सज्जाचा प्रवेश, ‘हिज ग्लोरियस नाइट’मधला एखादा प्रेमप्रसंग (१९२९ चे चित्रपट अमेरिकेत १ जानेवारी २०२५ पासून स्वामित्वहक्कातून मुक्त झाले आहेत), आणि ‘डाउनस्टेअर्स’मधली स्वयंपाकीणबाईला गंडवण्याची दृश्यं, याच क्रमाने दाखवा. आधी काही सांगू नका. संपल्यावर विचारा, हा आवाज चिरका आहे का, आणि लोक कशाला हसले असतील. त्यातून निघणाऱ्या चर्चेत संवादलेखन, ध्वनिमुद्रण, स्टुडिओंचं अर्थकारण, सगळं आपोआप येईल. तेच तर तुम्हाला शिकवायचं असतं.

आणि हे सगळं बघूनही तुमच्यापैकी कुणाला तो आवाज खरंच चिरका वाटला, तर तसं लिहा. मी वाद घालायला तयार आहे. फक्त आधी ऐका.

कळावे, लोभ असावा.

तुमची,
एक नियमित श्रोती